सोन्याची ऊब

जुनवानीत सकाळी गेलेली लाइट मारोतराव दुपारी दुर्गहून परतले तरी आलेली नव्हती. जानेवारीचा गारठा होता; ते चपला न काढताच आतल्या खोलीत धावले. मुलानं मागं ठेवलेल्या सोन्या नावाच्या परदेशी अजगराच्या काचपेटीतला हीटर सहा तास बंद होता.

त्यांची बायको रत्नमाला असती तर ही वेळच आली नसती. लाइट गेली की ती सोन्याला शालीत गुंडाळून मांडीवर घ्यायची. "हीटर बंद तं बंद, मी आहो ना," म्हणायची. तिला जाऊन दोन वर्षं झाली होती. शाल कपाटात होती आणि किल्ली मारोतरावांच्या खिशात.

काच बर्फागत लागली. कडी काढून त्यांनी आत हात घातला. कारखान्यात भट्टी थंड ठेवणाऱ्या पाण्याचे पाइप चाचपण्यात तीस वर्षं घालवलेला तो हात मीटरच्या आधी तापमानाचा आकडा सांगायचा.

सोन्या चांगला ऊबदार होता.

"चौतीस," ते सवयीनं पुटपुटले. मग हळूच विचारलं, "कोनाजवळ होता रे तू?"

सोन्यानं कपाटाकडे मान वळवली.

कुलूप काढून त्यांनी शालीच्या घडीत हात सारला. आकडा आपसूक तोंडातून निघाला.

"सदतीस."