टेप कुठे कापलीय?

"पुन्हा लावा," वकीलबाई म्हणाल्या.

बहिणीने कॅसेट मागे घेतली आणि बटण दाबलं. आधी खरखर, मग बाबांचा आवाज. "मागची खोली धाकटीची, पुढचं सगळं थोरल्याचं. झाली वाटणी." आवाज असा ठणठणीत, की बाबा आत्ता टेबलावरच्या पसाऱ्यातून मान वर काढतील असं वाटावं. तिने टेप थांबवली. वकीलबाई खूश व्हायच्या सोडून कपाळाला आठ्या घालून बसल्या.

दुरुस्त केलेला टेपरेकॉर्डर तपासायची बाबांची रीत अजब होती. ते त्यात कोरी कॅसेट घालत, रेकॉर्डिंग सुरू करत आणि विसरून जात. दुकानात गिऱ्हाइकाशी घासाघीस चालू असो की घरातलं भांडण, सगळं त्यात भरलं जाई. ती कॅसेट मशीनसोबत गिऱ्हाइकाला फुकट. घरची लक्तरं अशी वेशीवर टांगल्याबद्दल आईने त्यांना जन्मभर बोल लावले.

त्यातलीच एक बाबांच्या जुन्या गिऱ्हाईक असलेल्या गाण्याच्या बाईंना घर आवरताना सापडली. पण तोवर बहीण खालच्या कोर्टात दादाविरुद्ध हरली होती. दादाला सगळं घर विकायचं होतं आणि तोंडी वाटणीला पुरावा नव्हता. आता अपील. तेही फेटाळलं गेलं तर मागची खोली गेली. नवरा गेल्यापासून तिचा संसार आणि बाबांचा धंदा, दोन्ही याच खोलीत चालले होते.

"अपिलात नवा पुरावा सहजी घेत नाहीत," वकीलबाई म्हणाल्या. "आधी का आणला नाही, ते पटवावं लागतं. ते गाण्याच्या बाई सांगतील. पण त्यांनी थेट तुम्हालाच आणून दिली?"

"नाही. आधी पुढे, दादाकडे. दुकान अजून तिकडेच आहे असं वाटलं त्यांना. त्याने ऐकून घेतली आणि म्हणाला, मागे बहिणीला द्या."

"स्वतःच्या विरुद्धचा पुरावा? आणि दिला?"

दादा म्हणजे वाटीभर साखर उसनी दिली तरी आठवणीने परत मागणारा माणूस. त्याने एवढा उदारपणा दाखवला म्हणजे कुठेतरी पाणी मुरत होतं. कोर्टात तो धडधडीत म्हणाला होता, बाबा खोली देत होते, हिनेच नको म्हटलं. बहिणीने शपथेवर सांगितलं, मी असं कधीच म्हटलं नाही. तेव्हापासून दोघांचं बोलणं बंद.

"टेप कापून जोडलेली असणार," वकीलबाई म्हणाल्या. "आपण सादर करायची आणि त्याने उठून बनावट म्हणायचं. बालंट तुमच्यावर."

बहिणीला ते लगेच पटलं. दादाबद्दल काहीही वाईट सांगा, तिला हल्ली लगेच पटे. तिने कॅसेट उघडली, फीत दिव्याखाली धरून बोटांवरून सरकवली. जोड कुठेच नव्हता.

"दुसऱ्या कॅसेटवरून उतरवली असेल. पुढे काय आहे?"

पुढे तिने ऐकलंच नव्हतं. बाबांच्या त्या वाक्यापाशी पोचली की डोळे भरून येत आणि ती टेप मागे घेई. आता तिने कॅसेट पुन्हा बसवून ती पुढे जाऊ दिली. कपबशांचा आवाज आला. बाबांनी मशीनवरची धूळ फुंकली. मग एक तरुण मुलगी खळखळून हसली.

"मला काय करायचीय ती खोली, बाबा? मी चालले सासरी. दादालाच राहू द्या सगळं."

"नक्की?"

"नक्की म्हणजे नक्की. उद्या मागायला आले तर दारात उभी करू नका."

बहिणीला तो आवाज ओळखायला वेळ लागला. आपण कधी इतकं निवांत हसत होतो, हेच तिला आठवेना. मग ओळखला आणि शरमेने तिची कानशिलं तापली.

"हे कोर्टात गेलं तर खोली जाईलच," वकीलबाई हळू आवाजात म्हणाल्या, "वर खोट्या शपथेचा खटला. तुम्ही विसरला होतात, यावर कोण विश्वास ठेवणार?" त्या टेपरेकॉर्डरकडे वळल्या. "तुम्हाला टेप जोडता येते ना?"

बहिणीने कॅसेट काढून घेतली आणि घराला वळसा घालून पुढच्या दारी गेली. दादानेच दार उघडलं.

"ही तू शेवटपर्यंत ऐकलीस?"

"हो."

"मग कोर्टात तूच का नाही दिलीस?"

दादाने नजर दुसरीकडे वळवली.

"शपथेवर तू बोलली होतीस. मी कशी देणार?"