चेहरा न दाखवण्याच्या अटीवर

एव्हरशाईन सिटीतल्या आमच्या सोसायटीत सुके बोंबील भाजायला बंदी आहे. वास जिन्यात पसरतो म्हणे. तिसऱ्या मजल्यावरच्या संपदाने त्यावरच छोटा माहितीपट केला, ‘ताटातलं स्वातंत्र्य’. बोलले सगळे, पण चेहरा न दाखवण्याच्या अटीवर.

पंधरा ऑगस्टला तो क्लबहाउसमध्ये दाखवला. पडद्यावर धूसर चेहऱ्याचा एक माणूस गॅसवर बोंबील भाजत म्हणाला, “मी सरकारला घाबरत नाही. चेअरमनला घाबरतो.”

चेअरमन सुधाकरराव ताडकन उठले. “कोण आहे हा? नाव सांगा!”

आशालताकाकूंनी नवऱ्याची बाही ओढली. “अहो, बसा खाली. स्वयंपाकघर आपलंच आहे. आणि तो तुम्हीच आहात.”

“हळू बोल,” सुधाकरराव घाबरून कुजबुजले. “चेअरमनच्या कानावर जाईल.”