विंगेतला शब्द

दुसरी घंटा झाली आणि ओतावियो आपलं वाद्य पिशवीत घालून घरी निघाला.

विंगेत एकच धावपळ उडाली. २००४ सालच्या गणेशोत्सवातलं सिंगापूरच्या मराठी मंडळाचं संगीत नाटक. ढोलकी वाजवणाऱ्या रुचिरला ऑफिसनं ऐन वेळी हाँगकाँगला धाडलेलं. त्याच्या जागी ऋतानं बुकित तिमाहच्या कॉन्डोतल्या आपल्या शेजाऱ्याला, या सत्तरीच्या ब्राझिलियन ओतावियोला, गळ घालून आणलं होतं. त्याचं पांदेइरो म्हणजे आपल्या डफाचा झांजा लावलेला मावसभाऊ. गवळणीचा ठेका त्यानं दोन तालमींत असा उचलला, की नाचणाऱ्या मुली रुचिरला विसरूनच गेल्या.

माणूस काही ऐरागैरा नव्हता. तिकडे त्यानं मालिकांत खलनायक रंगवले, सिनेमात संत झाला, रात्री क्लबात गायला आणि रविवारी लहान मुलांच्या नाटकात अस्वलही झाला. इथे मात्र लेकीच्या नोकरीपायी आलेला, आणि अख्खा कॉन्डो त्याला 'मरियानाचे बाबा' एवढंच ओळखायचा.

ऋताच्या सासूबाई, नंदाताई, नटराजाच्या पूजेचं ताट धरून हे सगळं बघत होत्या. सून नाटक बसवणार आणि सासू पूजा करणार, अशी वाटणीच होती. विंगेत कुणाची चप्पल दिसली तरी त्यांचा पारा चढायचा.

"काय झालं गं त्यांना? कुणी काही बोललं का?"

"कुणी काही बोललं नाही, तेच तर झालंय!" ऋता रडकुंडीला आली होती. "आई, त्यांच्याकडे स्टेजवर जायच्या आधी एक शब्द म्हणतात. दुसऱ्या कुणीतरी म्हणायचा. त्यांची बायको म्हणायची, जन्मभर. ती गेल्यापासून ते स्टेजवर चढलेच नाहीत. मला हे आत्ता सांगतायत!"

"मग म्हणून टाक की."

"इथे? नटराजासमोर? तुमच्यासमोर?"

ऋतानं त्यांच्या कानात शब्द सांगितला आणि त्याचा अर्थही. नंदाताईंनी झटकन ताट मागे घेतलं. "शी! हा काय शुभशकुन?"

"अहो, पूर्वी लोक घोडागाडीतून नाटकाला यायचे ना. दारात जितकी लीद, तितकं हाउसफुल्ल."

नंदाताईंना आपले यजमान, मनोहरराव आठवले. बँकेच्या नाट्यस्पर्धा आठवल्या. नंदाताईंच्या एन्ट्रीच्या आधी मनोहरराव विंगेत यायचे, बायकोच्या तळहातावर खडीसाखरेचा खडा ठेवायचे आणि म्हणायचे, "जा, खाऊन टाक त्यांना." मनोहरराव गेले आणि नंदाताईंनी तोंडाला रंग लावणं सोडलं. कुणी विचारलंच तर गुडघे दुखतात म्हणून सांगायच्या. गुडघे ठणठणीत होते.

ओतावियो पिशवीची चेन ओढत होता. ती मध्येच अडकली होती.

नंदाताईंनी ताट ऋताच्या हाती दिलं. पदर खोचून त्या थेट त्याच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या, आणि पोटातून, शेवटच्या रांगेला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या,

"मेर्दा!"

पेटीवाल्याचा भाता थांबला.

ओतावियोनं मान वर केली. तो हसला नाही. हा शब्द हसण्यावारी न्यायचा नव्हता, हे त्या दोघांनाच कळत होतं. त्यानं पांदेइरो बाहेर काढलं, कातड्यावरून एकदा तळवा फिरवला आणि उजेडाच्या दिशेनं निघाला. आभार मानले नाहीत. त्यांच्याकडे मानायचे नसतात म्हणे.

पडद्याशी पोचल्यावर मात्र तो थबकला. मागे वळला, नंदाताईंना कमरेत वाकून नमस्कार केला आणि तोच शब्द, तितक्याच गांभीर्यानं, त्यांना परत दिला.

"इश्श, मी कुठे चाललेय स्टेजवर!" नंदाताई म्हणाल्या.

पण तोवर त्यांचा हात आपोआप अंबाडा चाचपायला गेला होता.