सामाईक तार

मिसूरीतल्या पिकेट रनला ना नगराध्यक्ष, ना पोलीस. सगळ्या घरांना मिळून टेलिफोनची एकच तार होती. एकाचं बोलणं अख्खी वस्ती ऐके. कालच ओपलनं सगळ्यांना झापलं होतं, "माझं बोलणं चोरून ऐकलंत तर याद राखा!" आज तिच्या स्वयंपाकघरात परका माणूस बंदूक रोखून उभा होता. "नवरा गिरणीवरून येईलच," तिनं त्याला धाक घातला. "फोन लाव. म्हणावं, आज येऊ नकोस." तिनं फोनचं हँडल फिरवलं. पलीकडे चिडीचूप. "अहो, ऐकलंत का? आज गिरणीवरच झोपा." नवऱ्याला पुरून तीन वर्षं झाली होती, शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. पण ऐकतंय कोण? तेवढ्यात तारेवर कुणीतरी खोकला दाबला. मग खटाखट रिसीव्हर ठेवले गेले. "काय म्हणाला?" "बरं म्हणाले," ओपल पुटपुटली, पण त्याला सुगावा लागेल म्हणून खिडकीकडे बघायची छाती होईना.