आधी आई, मग ती

"पुन्हा," काचेपलीकडून दिग्दर्शक म्हणाला. "शब्द बरोबर आहेत. पण तुम्ही पाठवलेल्या नमुन्यातलं ते येत नाहीये."

नटीने हेडफोन सारखे केले. सकाळपासून हेच रडगाणं. समोर पडद्यावर तिचाच चेहरा, तिचेच ओठ. सिनेमा तिने घरच्या भाषेत केला होता, आता त्याचंच आईच्या माहेरच्या भाषेत डबिंग होतं. दोन्ही भाषा लहानपणापासून जिभेवर खेळत्या. मग घोडं अडत होतं कुठे, तेच कळत नव्हतं.

"आज जमलं नाही, तर दुसरीचा आवाज घ्यावा लागेल," दिग्दर्शक म्हणाला. "मला ते नकोय हो. तुमचा नमुना ऐकून मी खुर्चीतून उठलो होतो."

आपल्याच तोंडून परकी बाई बोलणार, हे तिला सोसवेना. ती थोडा वेळ मागून बाहेर आली.

बाहेर बाकावर आई बसली होती. शाळेच्या नाटकांपासून हे असंच चालत आलेलं. नाटक कुठल्याही भाषेतलं असो, आधी आईने वाक्य म्हणायचं, मग लेकीने. प्रयोगात आई विंगेत उभी, ओठ हलवत. शाळेतल्या बाई चिडवायच्या, "एका तिकिटात दोन नट्या." पुढे पडद्यावरची कामं आली, कार्टूनमधल्या बडबड्या खारीला आवाज देणं आलं, पण पद्धत तीच राहिली. हा नमुनाही तसाच, घरी फोनवर केलेला. आईचं वाक्य, मग तिचं. "माझी वाक्यं तेवढी ठेव आणि पाठवून दे," असं आईला सांगून ती चित्रीकरणाला पळाली होती.

"आई, डोकं चालेनासं झालंय. तू एकदा म्हणून दाखव ना."

"मला काय कळतंय त्यातलं?" आई म्हणाली. "तू पाणी पी."

याआधी आईने कधी नाही म्हटल्याचं तिला आठवत नव्हतं. ती आणखीच गोंधळली. आत जाऊन म्हणाली, "तो नमुना मला ऐकवता का?"

दिग्दर्शकाने तो लावला. "जाऊ नकोस. माझं बोलून व्हायचंय अजून." मध्येच आवाज किंचित फाटला आणि पुन्हा सावरला. आपण असं कधी बोललो? तिने पुन्हा ऐकलं. मग मात्र तिने हेडफोन काढून ठेवले.

कशीबशी ती बाहेर आली आणि आईशेजारी बसली. रडू येत होतं आणि हसूही.

"आई, सगळा घोटाळा झालाय. तुझ्याकडून माझी वाक्यं कापली गेली आणि तुझी राहिली. चुकून तुझाच आवाज गेला त्यांच्याकडे."

आईने चष्मा पुसून डोळ्यांवर चढवला आणि ती उठली.

"चुकून नाही," आई म्हणाली, आणि दार ढकलून आत गेली.