पिरोश्काचे ओठ

माझी लेक नऊ ऑक्टोबर १९२७ला सातव्या महिन्यातच जन्मली. ती जगेलसं वाटेना, म्हणून सुईणीनेच पाणी शिंपडून बाप्तिस्मा उरकला आणि एटेल्का नाव ठेवलं. ते घराबाहेर कुणाला ठाऊक नव्हतं.

महिना झाला तरी ती नीट दूध ओढेना. रविवारी दुपारी सासूबाई म्हणाल्या, “रडून लेकरू वाचत नाही. जा, पडद्यावर बहिणीला बघून ये.”

माझी बहीण पिरोश्का बुडापेस्टला असायची. तिने दोनच मूकपट केले. दुसरा आमच्या गावात लागला होता. मला वाचता येत नसे, म्हणून मी तिच्या ओठांकडेच बघत बसले.

दाराशी थांबून ती माझ्याकडे वळली. ओठ म्हणाले, “एटेल्का जगेल.”

“काय म्हणाली गं ती?” मी शेजारणीला विचारलं.

“कॉफी निवली, असं लिहिलंय. तुला काय, साखर हवीय?”

मी पुढचा खेळही पाहिला. ओठ तेच म्हणाले.

घरी एटेल्का बाटलीतलं दूध भराभर ओढत होती.

पिरोश्का त्या नाताळात देवाघरी गेली, असं मला सांगितलं होतं. पुढे एटेल्कानेच मला अक्षरं शिकवली, तेव्हा सासूबाईंच्या पेटीतलं जुनं पत्र मी स्वतः वाचलं.

पिरोश्का तीन ऑक्टोबर १९२७ला वारली.