गावाच्या सह्या

सत्त्याऐंशी साली आखातातल्या बंदरात एका खलाशाच्या ट्रंकेत सोनं सापडलं आणि बोटीवरच्या सगळ्यांनाच डांबलं. दाजींचा खंडू त्यांतलाच. वकिलातीला अर्ज करायचा, तर इंग्रजी येणारी गावात एकटी गुणवंती. तिच्या भावाने परजातीत लग्न केलं, म्हणून गावकीने तिचं घरच्या घर वाळीत टाकलेलं. दाजी मागीलदाराने तिच्याकडे आले.

"काय लिहू?"

"एकानं केलं, त्यापायी सगळ्यांना कशाला डांबता, असं लिव, बाय."

गुणवंतीने त्यांच्याकडे एकदाच पाहिलं आणि लिहिलं.

"आता खाली गावाच्या सह्या घ्या, दाजी."

दाजी उंबऱ्यावरच बसले. या घरातल्या कागदाला जो हात लावील त्याचंही घर वाळीत, हा ठराव त्यांनीच मांडला होता.